माणसं तेवढी सेन्सेई काढायचे

वृंदाची आणि माझी ओळख तिच्या वडिलांमुळे झाली. २०२०च्या फेब्रुवारीत शशिकांतकाका दोन महिन्यांसाठी म्हणून पुण्याहून लेकीकडे डब्लिनच्या सँडीफोर्ड भागात आले. आमच्या इमारतीच्या लिफ्टमध्ये मला पाहून, मी मराठी आहे की नाही याची काहीही खातरजमा न करता त्यांनी विचारलं, "कुठल्या तुम्ही?" मी नागपूरची, असं सांगितलं. "मग लांबच्या," ते म्हणाले. डब्लिनमध्ये उभे राहून त्यांना नागपूर लांब वाटत होतं.

मार्चमध्ये सगळं बंद झालं आणि काकांचं परतीचं विमान रद्द झालं. घरापासून दोन किलोमीटरच्या आत पाय मोकळे करायला तेवढी परवानगी होती. वृंदा दुपारी काकांना घेऊन खाली उतरायची, मीही माझं काम मिटवून निघायची, आणि रिकाम्या लुआसच्या, म्हणजे इथल्या ट्रामच्या, रुळांच्या कडेकडेनं आम्ही तिघं अंतर ठेवून चालत राहायचो. इथं जे सांगतेय, ते बहुतेक त्या चालण्यातच कळलं.

त्याआधी आम्हा इथल्या मराठी लोकांना वृंदाविषयी ऐकून एवढंच माहीत होतं: नवरा प्रताप सरकारी हॉस्पिटलात भूलतज्ज्ञ, मुलगी रेवा पाच वर्षांची, आणि वृंदा स्वतः एका गेम बनवणाऱ्या कंपनीत जपानी मजकूर तपासते. पुण्यात जपानी शिकलेल्या मुली पुष्कळ असतात, त्यातली एक. ती सात वर्षं तोक्योच्या पश्चिमेच्या एका उपनगरात, इवाबुची तोकुजी नावाच्या चित्रकथाकाराच्या घरी मान मोडून चित्रं काढत बसली होती, हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर लोकांनी विचारलं असतं, मग आता का नाही काढत?

चित्रकलेचा हात तिला वडिलांकडून आला होता. काका एसटीच्या स्वारगेटच्या वर्कशॉपात पेंटर होते. गाड्यांच्या पुढच्या पाट्या त्यांनी आयुष्यभर रंगवल्या. शाळेला सुट्टी असली की वृंदा त्यांच्याबरोबर जायची आणि 'सातारा'मधला 'स' कसा भरायचा ते बघत बसायची. पुढे जपानीचा वर्ग, मग शिष्यवृत्ती, क्योतोला चित्रकलेचं कॉलेज, आणि तिथून इवाबुचींच्या घरी मुलाखत.

जपानमध्ये चित्रकथेला मांगा म्हणतात, आणि लोक त्या आपल्याकडच्या कादंबऱ्यांसारख्या वाचतात, मोठी माणसंसुद्धा. इवाबुची हे त्यातलं मोठं नाव नव्हतं. निदान शेवटी राहिलं नव्हतं. समुद्रकाठच्या कोळ्यांच्या गावातून ते विशीच्या आतच तोक्योला आले. आधी दुसऱ्यांच्या हाताखाली पानांच्या चौकटी आखल्या. मग समुद्राच्या तळाशी उतरणाऱ्या एका पाणबुड्या मुलाची कथा त्यांनी मुलांच्या साप्ताहिकात सुरू केली आणि ती तुफान चालली. अकरा वर्षं दर आठवड्याला तो मुलगा पाण्यात उतरत राहिला. त्याच्या चेहऱ्याचे डबे आले, दप्तरं आली, चपला आल्या. इवाबुचींना त्याचा वीट आला होता. एका आठवड्यात त्यांनी त्याला पाण्यातून वर काढलं, घरी पाठवलं आणि कथा संपवली. प्रकाशक त्यांच्याशी पुढे कित्येक वर्षं बोलला नाही.

त्यानंतर नूडल्सच्या टपरीवरच्या एका विधवेची छोटीशी कथा तेवढी आली. ती फारशी कुणी वाचली नाही. मग पन्नाशी उलटल्यावर त्यांनी 'पाण्याची रेघ' सुरू केली. एक दरी. तिथं धरण होणार. सरकारी माणसं येऊन झाडांवर, भिंतींवर, दगडांवर पांढरी रेघ मारून जातात. हिच्या खालचं सगळं पाण्यात जाणार. प्रत्येक भागात एक घर. त्या घरातली माणसं काय नेतात, काय सोडतात आणि कशी निघून जातात, एवढंच. ना मारामारी, ना प्रेमप्रकरण. एका लहानशा मासिकात दोन-तीन महिन्यांनी एक भाग यायचा. वाचणारे मोजके, पण वाचणारे वाट बघायचे.

मुलाखतीला वृंदानं आपल्या चित्रांचं बाड नेलं होतं. त्यांनी ते सावकाश चाळलं आणि बाजूला ठेवलं. हात चांगला आहे, पण चांगले हात पुष्कळ येतात, असं म्हणाले. मग सहज विचारावं तसं विचारलं की भारतात कुठलं गाव. ती म्हणाली, माझ्या वडिलांचं गाव पाण्याखाली आहे.

ते खरंच होतं. काकांचं गाव कोयनेच्या खोऱ्यात होतं. धरणाचं पाणी चढलं तेव्हा ते चौदा वर्षांचे होते. सगळं गाव उठून सोलापूरकडच्या माळावर गेलं. वृंदानं इवाबुचींना वडिलांकडून ऐकलेलं सांगितलं: लोकांनी दारांच्या चौकटी उपसून डोक्यावर घेतल्या होत्या, कारण तिकडे माळावर लाकूड मिळणार नव्हतं; आणि निघायच्या दिवशी सकाळी तिच्या आजीनं घर सारवलं. आतून बाहेर, उंबऱ्यापर्यंत. मग ओल्यावर पाय पडू नये म्हणून सगळ्यांना अंगणातूनच वळायला लावलं.

इवाबुचींनी बाजूला ठेवलेलं बाड पुन्हा पुढे ओढलं. मग म्हणाले, सोमवारपासून ये. आणि ते सारवण मला दे. शेवटच्या घरासाठी ठेवतो.

सात वर्षं ती तिथं होती. सगळे त्यांना सेन्सेई म्हणत. आपण गुरुजी म्हणतो तसं. ते तिला 'बुरिंदा-सान' म्हणत; 'सान' म्हणजे आपल्या 'जी'सारखं. 'वृं' त्यांच्या जिभेवर कधी बसला नाही. कामाची पद्धत ठरलेली होती. आधी सेन्सेई प्रत्येक पानाचा कच्चा आराखडा करत, त्यात माणसं म्हणजे नुसते गोल आणि काड्या. मग नीट पेन्सिल. मग शाई. घरं, झाडं, डोंगर, धुकं, विजेच्या तारा हे सगळं मदतनीस काढायचे. माणसं तेवढी सेन्सेई काढायचे. गर्दीत पाठमोरी उभी असलेली, नखाएवढी माणसंसुद्धा. नागासे-सान म्हणून सगळ्यात जुने मदतनीस होते. त्यांनी एकदा सेन्सेई आजारी असताना लांबच्या रस्त्यावरून जाणारा एक सायकलवाला काढला होता. सेन्सेईंनी ते पान फाडलं नाही की आवाज चढवला नाही. नुसतं ते सगळं पान पहिल्यापासून पुन्हा काढायला घेतलं. त्यानंतर कुणी तसं केलं नाही.

वृंदाकडे पाणी होतं. दरीत हळूहळू चढणारं पाणी, त्यात अर्धी बुडालेली कुंपणं, संध्याकाळचं काळं पाणी. त्या काळ्यात ती इतक्या बारीक रेघा ओढायची की छापल्यावर ते हलल्यासारखं दिसायचं. २०१४ला लग्न ठरलं, प्रतापला आयर्लंडमध्ये नोकरी लागली आणि ती निघाली तेव्हा सेन्सेईंनी तिला विचारलं होतं, तुझं पाणी आता कोण काढणार?

डब्लिनमध्ये आल्यावर काही महिने तिनं घरी काढून पाहिलं. मग रेवा झाली. मग नोकरी. टॅबलेट आणि पेन भाड्याच्या त्या फ्लॅटमधल्या प्रेसमध्ये, म्हणजे इथं कपाटाला म्हणतात त्यात, वरच्या फळीवर गेले. मासिक मात्र ती मागवत राहिली. दुसऱ्या कुणीतरी काढलेलं पाणी बघायची. २०१८ला मासिकात एक ओळ आली की प्रकृतीच्या कारणानं कथा थांबत आहे. सेन्सेईंचा उजवा हात थरथरायला लागला होता. सगळी घरं झाली होती. शेवटचं राहिलं होतं.

जून २०२०मध्ये एका सकाळी संपादक कुरीहारा-सान यांचा व्हिडिओ कॉल आला. इथं सकाळ, तिथं संध्याकाळ. त्यांनी लगेच कॅमेरा वळवला आणि सेन्सेई दिसले. फार वाळले होते. औषधानं हात दिवसातून थोडा वेळ स्थिर राहतो, ते म्हणाले. तेवढ्या वेळात मी माणसं काढू शकतो. बाकी कुणी घरी येऊ शकत नाही, साथीमुळे येऊही देत नाहीत, आणि नागासे-सान यांची नजर आता गेली आहे. शेवटचं घर करायचं आहे. तू तिथून करशील का?

सेन्सेईंना कॉम्प्युटरवर काढलेल्या रेघेचा तिटकारा होता, हे तिला माहीत होतं. तरी ते विचारत होते.

ती हो म्हणाली. आम्ही चालायला गेलो तेव्हा ती मला हे सांगत होती आणि चालता चालता मधेच थांबत होती. मी तिला तसं कधी पाहिलं नव्हतं. काका मागून येत होते. त्यांना सगळं कळलं नव्हतं, पण लेकीचा आवाज बदललाय एवढं कळलं होतं.

सुरुवातीला ती ऑफिसचं काम करून उरलेल्या वेळात काढायची. कच्चे आराखडे स्कॅन होऊन यायचे. सेन्सेईंच्या हाताला वेळ लागणार म्हणून एरवीचा माणसं आधी, मागचं नंतर हा क्रम उलटा केला होता: आधी वृंदानं मागचं सगळं पूर्ण करायचं, त्यात माणसांच्या आकारांएवढी जागा कोरी सोडायची, आणि मग ती पानं तिकडे कागदावर छापून सेन्सेई त्या जागांमध्ये माणसं भरणार. हातानं काढलेल्यासारखी रेघ यावी म्हणून ती एकेक पान तीन-तीनदा काढत होती. ऑगस्टअखेर तिच्या लक्षात आलं की हे असं दोन्ही जमणार नाही. सप्टेंबरमध्ये तिनं नोकरी सोडली.

प्रतापनं तिला अडवलं नाही. तो हॉस्पिटलातून यायचा, दारातच कपडे बदलायचा, जेवायचा आणि झोपायचा. त्यानं एकदाच विचारलं, की सेन्सेईंना काही झालं तर? ती म्हणाली, म्हणूनच घाई. मला मात्र तो नंतर एकदा खाली गाडीपाशी म्हणाला, पार्किन्सनच्या शेवटच्या टप्प्यातल्या पेशंटचं काय होतं ते मी हॉस्पिटलात बघितलंय, पण तिला सांगणार कोण?

काकांना घरी जायचं होतं. विमानांच्या बातम्या बघत ते दिवस काढत होते. रेवा त्यांच्याशी इंग्रजीत बोलायची, तेही आयरिश हेल काढून, आणि ते तिच्याशी सातारी मराठीत. तरी दोघांचं जमायचं. दुपारी ते वृंदाच्या टेबलाशेजारी खुर्ची ओढून बसायचे. पडद्यावर दरी उगवताना बघायचे. पाटी रंगवणाऱ्याची नजर होती, त्यामुळे कुठली रेघ जाड झाली ते त्यांना कळायचं, पण ते बोलायचे नाहीत.

ऑक्टोबरमध्ये ती शेवटच्या घराच्या आतल्या पानांवर आली. रिकामं झालेलं घर, चौकट काढून नेलेलं दार, आणि ओणवी होऊन लाकडी जमीन पुसणारी एक बाई; सारवणाच्या जागी जपानी घरात तेच. म्हणजे बाईची जागा. पांढरी, कोरी, ओणव्या पाठीच्या आकाराची. आजूबाजूला ओल्या लाकडाची चमक तिनं बारीक रेघांनी काढली होती.

काका ते पान फार वेळ बघत राहिले.

"ही माजी आई हाय," ते म्हणाले.

"हो. तुम्ही सांगितलेलंच आहे ते."

"मग तोंड कुठाय तिचं?"

"माणसं सेन्सेई काढतात, बाबा. ते काढतील."

"त्यांनी कुठं बगितलीय तिला? मी सांगतो, तू काढ. फोटू न्हाई तिचा एक पन. तू काढलीस म्हंजी व्हईल."

तिनं नाही म्हटलं. तिनं त्यांना समजावून सांगितलं की ही कथा तिची नाही, यातली बाई जपानी आहे, आणि दुसऱ्याच्या पानावर माणूस काढायचा नसतो. काकांनी मान हलवली. पाटीवर सायबाचं नाव लिहायला सांगितलं तर आपल्या बायकोचं लिहून चालत नाही, हे त्यांनाही माहीत होतं. वेगळ्या कागदावर काढ म्हणायचं त्यांना सुचलं नाही, आणि हे आटोपू दे, मग काढू, असं वृंदाच्या मनात होतं. शेवटच्या घराची अजून बरीच पानं राहिली होती. तिला मागे वळायला वेळ नव्हता.

नोव्हेंबरात सेन्सेईंनी माणसं काढायला घेतली. पहिलं पान झाल्याचं कळलं आणि वृंदा दोन दिवस हवेत होती. मग कळलं की त्यांनी ते फाडलं. मग आणखी एक झालं, तेही फाडलं. हात स्थिर राहण्याचा वेळ रोज थोडा थोडा आटत होता. एका कॉलवर त्यांनी तिला तिची पानं परत दाखवायला लावली आणि म्हणाले, तुझं पाणी पहिल्यापेक्षा चांगलं झालंय, आता माझी माणसं त्याच्यापुढे टिकायला हवीत. ती हे मला सांगताना हसत होती. मला ते ऐकून बरं वाटलं नाही.

डिसेंबरात तिचं सगळं काम पूर्ण झालं. पानामागून पान, डोंगर, पाणी, रस्ते, घर, आणि प्रत्येक पानावर माणसांच्या आकाराची पांढरी भोकं. नाताळानंतर इथली साथ एकदम भडकली. प्रताप हॉस्पिटलजवळच्या हॉटेलात राहायला गेला, घरी येईनासा झाला. तिकडे सेन्सेईंना न्यूमोनिया झाला. जानेवारीच्या मधल्या आठवड्यात ते हॉस्पिटलात वारले. बायकोलासुद्धा काचेबाहेरूनच बघू दिलं. कुरीहारा-साननी वृंदाला कळवलं ते एका छोट्या, नीट, सभ्य ईमेलनं. सेन्सेईंच्या टेबलावर शेवटच्या घराचं एकही पूर्ण पान नव्हतं.

काका फेब्रुवारीत गेले. आखातातून जाणारं एक विमान मिळालं. विमानतळावर सोडायला प्रतापला जाता आलं नाही, वृंदाला आत जाता आलं नाही. काकांच्या बॅगेत रेवानं त्यांना दिलेली चॉकलेटं होती आणि इथल्या थंडीचा जाड कोट, जो पुण्यात त्यांना कधी लागणार नव्हता.

ते गेल्यावर वृंदानं टॅबलेट पुन्हा उघडला. सात वर्षं सेन्सेईंचा हात तिनं रोज बघितला होता. तो कुठे दाबतो, कुठे उचलतो, डोळ्याची वरची पापणी एका फटक्यात कशी ओढतो. गावचा पोस्टमन कथेत पहिल्या भागापासून होता. शेवटच्या भागात तो रिकामी टपालपेटी उतरवून सायकलला बांधतो. त्या पानावरच्या कोऱ्या जागेत वृंदानं पोस्टमन काढला. एका बैठकीत काढला, आणि खोडलं काही नाही. मग ते पान कुरीहारा-सानना पाठवलं आणि लिहिलं की परवानगी दिलीत तर मी सगळी माणसं पूर्ण करते. माझं नाव कुठेही नको.

उत्तर यायला मार्च उजाडला. त्यांनी ईमेल केला नाही, कॉल केला. पान सेन्सेईंच्या पत्नीला दाखवलं, असं त्यांनी सांगितलं. त्या रडल्या. त्यांना क्षणभर वाटलं की हे सेन्सेईंनीच आधी काढून कुठेतरी ठेवलं होतं.

वृंदानं विचारलं, "म्हणजे चालेल?"

"तंतोतंत त्यांचंच आहे," कुरीहारा-सान म्हणाले. "म्हणूनच छापता येणार नाही."

ते पुढे बरंच बोलले. सेन्सेईंनी हयातभर काय पाळलं ते तुम्ही जाणता. वाचकाला कळलंच नाही, तर ती त्याची फसवणूक होईल. शेवटचा खंड निघेल, पण सेन्सेईंचे कच्चे आराखडेच त्यात जसेच्या तसे छापू. गोल आणि काड्या असल्या तरी त्या त्यांच्या आहेत. वृंदाच्या पानांविषयी ते फार अवघडून बोलले. पार्श्वभूमी अप्रतिम आहे, पण माणसांशिवाय ती छापली तर लोकांना ते अपूर्ण वाटेल; कच्चा आराखडा मात्र पूर्ण वाटतो. त्यांनी तीनदा माफी मागितली. पानं तुमच्याकडेच राहू द्या, म्हणाले.

आम्ही त्या आठवड्यात चालायला गेलो तेव्हा पाऊस नव्हता, वारा होता. वृंदा चिडली नव्हती. तिचं म्हणणं होतं की कुरीहारा-सान बरोबर बोलले. त्यांच्या जागी मी असते तर मीही हेच ठरवलं असतं, असं ती दोनदा म्हणाली. जुन्या कंपनीत तिनं विचारून पाहिलं होतं. तिच्या जागी माणूस घेतलेला होता.

मग एप्रिलमध्ये एके दिवशी तिच्या मनात आलं की कुठे छापायचं नाही, कुणाची परवानगी लागत नाही, तर आता ती ओणवी बाई आपण काढू आणि बाबांना पाठवू. पोस्टमन काढता आला कारण तो आधीच्या भागांत होता. ही बाई कथेत पहिल्यांदाच येत होती, तिचा चेहरा सेन्सेईंनी कुठेच काढला नव्हता. तो फक्त काकांना ठाऊक होता. तिनं पुण्याला फोन लावला. काका खोकत होते.

"बाबा, आजीचा चेहरा सांगता का? काढायला घेतेय."

"आत्ता?" काका म्हणाले. त्यांना बरं वाटलेलं फोनवरसुद्धा कळलं, असं ती सांगते. "कपाळ मोठं व्हतं तिचं. आन्..." मग खोकल्याची उबळ आली. "उद्या सांगतो निवांत. आज दम लागतोय जरा."

दुसऱ्या दिवशी तिच्या भावानं, अभिजितनं त्यांना घेऊन पुण्यात पाच हॉस्पिटलं पालथी घातली. सहाव्यात खाट मिळाली. ऑक्सिजन लावलेला होता, बोलता येत नव्हतं. वृंदा व्हिडिओवर त्यांच्याशी बोलत राहिली. त्यांना ऐकू जात होतं की नाही ते नर्सलाही सांगता आलं नाही. प्रतापनं रिपोर्ट मागवून पाहिले आणि तो बाहेरच्या खोलीत जाऊन बसला. चार दिवसांनी काका गेले. अंत्यसंस्काराला अभिजितलाही लांबूनच उभं राहावं लागलं. वृंदानं निघायचं ठरवलं होतं, पण तिकीट, टेस्ट आणि परतीच्या नियमांचा मेळ बसेपर्यंत जाण्यासारखं काही उरलं नाही.

तिनं सोलापूरकडच्या नातेवाइकांना फोन केले. काकांची एक चुलत बहीण जिवंत होती, नव्वदीच्या पुढची. तुमची काकू, म्हणजे माझी आजी, कशी दिसायची, असं तिला विचारलं तर ती म्हणाली, गोरी व्हती. घरचे म्हणाले, ती सगळ्यांना गोरीच म्हणते.

जूनमध्ये शेवटचा खंड पोस्टानं आला. वृंदानं मला वर बोलावून तो दाखवला. मागून पुढे वाचायचं पुस्तक. तिनं पानं उलटत मला कथा सांगितली. शेवटचं घर येताच शाई संपते आणि पेन्सिल सुरू होते. डोंगर म्हणजे एक वाकडी रेघ. पाणी म्हणजे 'पाणी' असं लिहिलेलं. जमीन पुसणारी बाई म्हणजे एक अंडाकृती पाठ आणि एक गोल, गोलात चेहऱ्याची दिशा कळावी म्हणून एक फुली. शेजारी सेन्सेईंच्या अक्षरात बारीक काहीतरी होतं. मी विचारलं, हे काय? ती म्हणाली, 'चेहरा नंतर'.

मी तिला म्हटलं की तुझी पानं यापेक्षा किती सुंदर आहेत. तिनं नाही म्हणून मान हलवली. जपानी वाचकांचं म्हणणं तिनं वाचलं होतं. सगळ्यांना हा शेवट फार भिडला होता. एकानं लिहिलं होतं की माणसं आणि घरं अशी अर्धवट विरून जाणं हाच या कथेचा खरा शेवट, पूर्ण काढला असता तर तो इतका लागला नसता. "खरं आहे ते," वृंदा म्हणाली. "मलाही तसंच वाटलं वाचताना."

तिनं पुस्तक मिटलं आणि चहा टाकायला गेली. मी तिच्या मागे स्वयंपाकघरात गेले नाही.

जुलैमध्ये प्रतापची बदली कॉर्कच्या हॉस्पिटलात झाली. इथल्या तरुण डॉक्टरांना दर थोड्या काळानं असं गाव बदलावं लागतं. सामान बांधायला मी गेले होते. रेवा तिची खेळणी खोक्यात भरत होती. मधेच ती कागद घेऊन आईपाशी आली आणि हात कसा काढायचा, बोटं नेहमी जाड होतात, असं तिच्या इंग्रजीत विचारू लागली. वृंदा कपबश्या वर्तमानपत्रात गुंडाळत होती. तिनं कागदाकडे पाहिलं, चांगलं आहे म्हणाली, आणि नव्या शाळेत बाई शिकवतील म्हणाली.

रेवा थोडा वेळ तिथंच उभी राहिली. मग कागद घेऊन आत गेली.

कॉर्कला गेल्यावर तिला एका औषध कंपनीत लेबलांवरचा जपानी मजकूर तपासायचं काम मिळालं. आमचा फोन होतो अधूनमधून. घर बरं आहे, बस दारातून मिळते, रेवा शाळेत रुळली. सगळं ग्रँड आहे, असं ती इथल्या लोकांसारखं म्हणते, आणि मग आम्ही दुसऱ्या कशावर तरी बोलतो.